चौकशी आयोगाचा माग कसा काढावा

मोठी दुर्घटना घडली किंवा एखादा घोटाळा सरकारच्या अंगाशी आला, की पुढचा क्रम बहुतेकांना पाठ असतो. सभागृहात गदारोळ होतो, मंत्री चौकशीची घोषणा करतात, विरोधक विद्यमान न्यायमूर्तींमार्फतच चौकशी हवी असा आग्रह धरतात, एखादा राजीनामा पडतो आणि पंधरवड्यात विषय वर्तमानपत्राच्या आतल्या पानावर जातो. अहवाल येईपर्यंत सरकार बदललेले असते, निदान ज्यांनी उत्तर द्यायचे त्यांची खाती तरी बदललेली असतात. मग ‘चौकशी म्हणजे निव्वळ वेळकाढूपणा’ असे म्हणून आपण मोकळे होतो. हा शेरा पुष्कळदा खराही ठरतो. पण तो एकही कागद न पाहता मारलेला असल्यामुळे त्याची झळ कोणालाच बसत नाही. सरकारला अडचण होते ती तारीख, कलम आणि शिफारशीचा क्रमांक सांगून विचारलेल्या प्रश्नाची. असा प्रश्न विचारता यावा म्हणून चौकशीचा माग घोषणेपासून अंमलबजावणीपर्यंत कसा काढावा, याची रीत येथे मांडली आहे. वार्ताहर, कार्यकर्ते, बाधितांचे नातेवाईक आणि एखादे प्रकरण मनावर घेतलेला कोणीही वाचक ती वापरू शकतो. उदाहरणे मुख्यतः महाराष्ट्रातील आणि गोव्यातील आहेत, कारण त्यांचे कागद आपल्या आवाक्यात आहेत.

चौकशी कोणत्या अधिकाराखाली आहे ते आधी पाहावे

घोषणेतील विशेषणांवर जाऊ नये. ‘उच्चस्तरीय’, ‘सखोल’, ‘निःपक्षपाती’ या शब्दांनी चौकशीला कोणताही अधिकार मिळत नाही. तो मिळतो अधिसूचनेतून. राजपत्रातील अधिसूचनेत चौकशी आयोग अधिनियम, १९५२ च्या कलम ३ चा उल्लेख असेल, तर तो आयोग कायद्याने नेमलेला आहे. अशा आयोगाला कलम ४ नुसार दिवाणी न्यायालयाचे काही अधिकार मिळतात : साक्षीदाराला समन्स काढून बोलावणे, शपथेवर त्याची साक्ष घेणे, कागदपत्रे हजर करायला लावणे, सरकारी कचेऱ्यांतून दप्तर मागवणे. नुसता शासन निर्णय काढून नेमलेल्या समितीला एरवी यातले काहीच नसते. ती विनंती करते, आणि ज्याला बोलायचे असते तो बोलतो.

हा फरक किती महागात पडतो, हे २६ नोव्हेंबर २००८ च्या मुंबईवरील हल्ल्यानंतर दिसले. राज्य सरकारने ३० डिसेंबर २००८ रोजी माजी केंद्रीय गृहसचिव राम प्रधान आणि गुप्तचर सेवेतील माजी ज्येष्ठ अधिकारी व्ही. बालचंद्रन यांची द्विसदस्यीय समिती नेमली. ती १९५२ च्या कायद्याखालील आयोग नव्हती. केंद्रीय यंत्रणा तिच्या हाताबाहेर होत्या आणि पाहणी मुख्यतः राज्याच्या पोलिसांनी हल्ल्याला कसे तोंड दिले एवढ्यापुरती राहिली. समितीने काही महिन्यांत, एप्रिल २००९ मध्ये, काम संपवले. हा वेग वाखाणण्यासारखाच होता. मात्र जून २००९ मध्ये विधिमंडळात आला तो सरकारचा कृती अहवाल, आणि मूळ अहवाल सभागृहासमोर यायला वर्षअखेर उजाडली. ज्या अहवालावर कृती केली तो न दाखवता केलेली कृती दाखवणे हा प्रकार कायद्याखालील आयोगाच्या बाबतीत इतक्या सहज करता आला नसता, कारण तेथे अहवाल आणि कृती अहवाल दोन्ही एकत्र मांडण्याचे बंधन आहे.

विभागीय चौकशी आणि पोलिसांचे विशेष तपास पथक ही आणखी दोन वेगळी प्रकरणे आहेत. पहिलीत कर्मचाऱ्याच्या सेवेपुरता निर्णय होतो, दुसऱ्यातून आरोपपत्र निघू शकते. आयोग यांपैकी काहीच करत नाही, तो फक्त सत्य शोधून सांगतो. एका घटनेवर तिन्ही एकाच वेळी चालू असतील, तर कोणत्या मंचावर काय बोलले गेले याची सरमिसळ होऊ देऊ नये.

कार्यकक्षा शब्दशः वाचावी

अधिसूचनेचा सर्वांत महत्त्वाचा भाग म्हणजे आयोगाला विचारलेले प्रश्न, अर्थात कार्यकक्षा. आयोग कितीही बाणेदार असला तरी न विचारलेल्या प्रश्नाचे उत्तर देणे त्याला अवघड असते. म्हणून कार्यकक्षेत काय आहे यापेक्षा काय नाही ते आधी टिपावे. घटनेचा क्रम, तात्कालिक कारण आणि पुढे काय खबरदारी घ्यावी एवढेच विचारले आहे, की जबाबदारी निश्चित करायलाही सांगितले आहे? कोणत्या तारखेपासून कोणत्या तारखेपर्यंतचा काळ धरला आहे? निर्णय घेणारे मंत्री कक्षेत आहेत, की अंमल करणारे अधिकारीच तेवढे?

कुलाब्याच्या ‘आदर्श’ गृहनिर्माण संस्थेच्या आयोगाचे उदाहरण या दृष्टीने फार बोलके आहे. निवृत्त न्यायमूर्ती जे. ए. पाटील आणि माजी मुख्य सचिव पी. सुब्रह्मण्यम यांचा हा आयोग जानेवारी २०११ मध्ये नेमला गेला. त्याला विचारलेल्या प्रश्नांपैकी दोन प्रश्न होते जमीन कोणाची, आणि ती कारगिल युद्धातील वीरपत्नींसाठी वा सैनिकांसाठी राखीव होती का. त्यांची उत्तरे एप्रिल २०१२ च्या अंतरिम अहवालात आली : जमीन राज्य सरकारची होती आणि तसे आरक्षण नव्हते. ही उत्तरे सरकारला सोयीची होती, त्यामुळे अंतरिम अहवाल लगोलग सभागृहात आला. उरलेल्या प्रश्नांची उत्तरे, म्हणजे परवानग्या कोणी दिल्या, सदस्य पात्र होते का, राजकीय आश्रय कोणाचा होता, ही एप्रिल २०१३ च्या अंतिम अहवालात होती. तो मांडायला २० डिसेंबर २०१३, म्हणजे नागपूर अधिवेशनाचा शेवटचा दिवस, उजाडला. आयोग एकच आणि सरकारही तेच असताना दोन अहवालांना मिळालेली वागणूक मात्र निराळी होती. कार्यकक्षेतील कोणता प्रश्न कोणाला टोचणारा आहे हे आधी ओळखून ठेवले, तर पुढे विलंब कोठे होणार याचा अंदाज बांधता येतो.

कार्यकक्षा मध्येच बदलली जाते, तिच्यावरही लक्ष ठेवावे. डिसेंबर १९९२ आणि जानेवारी १९९३ च्या मुंबई दंगलींच्या चौकशीसाठी न्यायमूर्ती बी. एन. श्रीकृष्ण यांचा आयोग २५ जानेवारी १९९३ रोजी नेमला गेला. १९९५ मध्ये सत्ताबदल झाल्यावर त्याच्या कक्षेत १२ मार्च १९९३ च्या बॉम्बस्फोटांची भर पडली, आणि २३ जानेवारी १९९६ रोजी आयोगच गुंडाळला गेला. बराच गहजब झाल्यावर मे १९९६ मध्ये, अटलबिहारी वाजपेयी यांच्या तेरा दिवसांच्या सरकारच्या काळात, पंतप्रधानांच्या सूचनेवरून तो पुन्हा सुरू झाला. काही वेळा कक्षा उलट्या बाजूनेही वाढते. २००३ साली मंत्र्यांवरील भ्रष्टाचाराच्या आरोपांसाठी नेमलेल्या न्यायमूर्ती पी. बी. सावंत आयोगाकडे तक्रारदार अण्णा हजारे यांच्या संस्थांचाही कारभार सोपवला गेला. २००५ च्या अहवालात मंत्र्यांवर ताशेरे आलेच, पण हजारे यांच्या वाढदिवसाच्या समारंभावर न्यासाचे २ लाख २० हजार रुपये खर्च झाल्याबद्दलही ठपका आला. तक्रारदाराला अडचणीत आणण्याचा हेतू असेल असे गृहीत धरले, तरी माझ्या मते त्या अहवालाची विश्वासार्हता यामुळे वाढलीच.

एक वही घालावी

हे काम कंटाळवाणे आहे, पण याला पर्याय नाही. वहीत किंवा साध्या तक्त्यात अधिसूचनेची तारीख, मूळ मुदत, प्रत्येक मुदतवाढीची तारीख आणि तिचे दिलेले कारण, प्रत्येक सुनावणीला कोण हजर राहिले आणि कोणी पुढची तारीख मागितली, याची नोंद ठेवावी. १ जानेवारी २०१८ च्या कोरेगाव भीमा येथील हिंसाचाराच्या चौकशीसाठी निवृत्त मुख्य न्यायमूर्ती जे. एन. पटेल आणि सुमित मल्लिक यांचा आयोग त्याच वर्षी ९ फेब्रुवारीला नेमला गेला तेव्हा त्याला चार महिन्यांची मुदत होती. नंतर मुदतवाढी वर्षानुवर्षे मिळत गेल्या. साक्षीदारांची संख्या, करोनाचा काळ, कर्मचाऱ्यांची वानवा अशी कारणे प्रत्येक वेळी असतात आणि ती खोटीही नसतात. तरीही कोणत्या पक्षकाराने किती वेळा तारीख मागितली हे वहीत असेल, तर विलंब आयोगाचा, सरकारचा की पक्षकाराचा हे सांगता येते. ‘आयोगाला एवढी वर्षे लागली’ या वाक्यात हा भेद पुसला जातो, आणि दोष बहुधा ज्याचा नसतो त्याच्या माथी बसतो.

उलट टोकाचे उदाहरणही माहीत असावे. आयुर्विमा महामंडळाने हरिदास मुंदडा यांच्या कंपन्यांत गुंतवलेल्या सुमारे सव्वा कोटी रुपयांचे प्रकरण डिसेंबर १९५७ मध्ये लोकसभेत गाजले, मुंबई उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायमूर्ती एम. सी. छागला यांचा एकसदस्यीय आयोग नेमला गेला, मुंबईत खुल्या सुनावण्या झाल्या, आणि फेब्रुवारी १९५८ मध्ये अर्थमंत्री टी. टी. कृष्णम्माचारी पायउतारही झाले. प्रश्न नेमका होता, साक्षीदार मोजके होते आणि कागद एका ठिकाणी होते, म्हणून हे जमले. दंगलीच्या चौकशीकडून हा वेग अपेक्षिणे अन्यायाचे होईल.

सुनावणीत काय पाहावे

सुनावणी सहसा खुली असते, आणि तेथे बसून ऐकण्यासारखे दुसरे शिक्षण नाही. दोन कलमे मनात ठेवून ऐकावे.

पहिले कलम ६. आयोगासमोर दिलेली जबानी त्या साक्षीदाराविरुद्ध दिवाणी किंवा फौजदारी खटल्यात वापरता येत नाही; खोटी साक्ष दिल्याबद्दलचा खटला एवढाच अपवाद. साक्षीदाराने भीड न बाळगता बोलावे म्हणून ही सवलत आहे. एखादा अधिकारी आयोगासमोर चूक कबूल करतो तेव्हा दुसऱ्या दिवशी ‘कबुलीजबाब’ असा मथळा येतो. परंतु ती कबुली फौजदारी न्यायालयात त्याच्याविरुद्ध उभी राहत नाही. पुरावा तेथे नव्याने गोळा करावा लागतो.

दुसरे कलम ८-ख. ज्याच्या वर्तनाची चौकशी करावी असे आयोगाला वाटते किंवा ज्याच्या लौकिकाला अहवालामुळे बाधा येण्याचा संभव आहे, त्याला आपली बाजू मांडण्याची वाजवी संधी द्यावीच लागते. ८-ग नुसार अशा व्यक्तीला उलटतपासणीचा आणि वकील देण्याचा हक्क आहे. ८-ख ची नोटीस कोणाला गेली हे कळले, तर अहवालाचा रोख कोठे आहे ते कळते. नोटीस न पाठवता एखाद्याचे नाव घेतले गेले असेल, तर तो अहवाल न्यायालयात लंगडा पडतो, आणि याचे गोव्यातील उदाहरण विसरता येण्यासारखे नाही. बेकायदा खाणकामाच्या चौकशीसाठी केंद्राने नेमलेल्या न्यायमूर्ती एम. बी. शाह आयोगाचा गोव्याविषयीचा अहवाल ७ सप्टेंबर २०१२ रोजी संसदेत मांडला गेला, त्यात सुमारे ३५ हजार कोटी रुपयांच्या नुकसानीचा अंदाज होता, आणि तीनच दिवसांत राज्य सरकारने खाणकाम थांबवले. पुढे ऑक्टोबरमध्ये सर्वोच्च न्यायालयानेही बंदी घातली. एवढा मोठा परिणाम झालेल्या अहवालाबद्दल एप्रिल २०१४ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने मात्र असे म्हटले, की खाणपट्टेधारकांना या कलमांनुसार म्हणणे मांडण्याची संधी दिलेली नसताना केवळ आयोगाच्या निष्कर्षांवरून त्यांच्यावर खटले भरण्याचा आदेश देता येणार नाही. घाईत गाळलेली एक पायरी शेवटी कोणाच्या पथ्यावर पडते, हे डिचोली-सत्तरीच्या लोकांना वेगळे सांगायला नको.

ज्यांना हे तांत्रिक वाटते त्यांनी ‘आदर्श’चा पुढचा प्रवासही पाहावा. माजी मुख्यमंत्री अशोक चव्हाण यांच्यावर खटला चालवण्याची परवानगी राज्यपालांनी आधी नाकारली होती. फेब्रुवारी २०१६ मध्ये नव्या राज्यपालांनी ती दिली, तेव्हा जो नवा आधार पुढे केला गेला त्यात आयोगाच्या अहवालाचा समावेश होता. डिसेंबर २०१७ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने ती परवानगी रद्द केली. खटल्यात ग्राह्य धरता येईल असा नवा पुरावा पुढे आलेला नाही, असे न्यायालयाचे म्हणणे पडले. म्हणून अहवालातील ठपका म्हणजे शिक्षा नव्हे, आणि न्यायालयाने तो न स्वीकारणे म्हणजे ‘क्लीन चिट’ही नव्हे; पण हे दोन्ही चुकीचे अर्थ राजकीय सभांतून सर्रास काढले जातात.

आयोगाचा अहवाल सरकारवर बंधनकारक नसतो, हे दालमिया-जैन कंपन्यांच्या चौकशीवरून उभ्या राहिलेल्या, मुंबईच्या न्यायमूर्ती तेंडोलकर यांच्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या १९५८ च्या खटल्यापासून स्पष्ट आहे. निकाल आणि अहवाल यांतला फरक समजायला मात्र मुंबईतील एका न्यायाधीशाची दोन कामे पुरेशी आहेत. न्यायमूर्ती बख्तावर लेंटिन यांनी जानेवारी १९८२ मध्ये सिमेंट वाटप आणि देणग्यांच्या प्रकरणात उच्च न्यायालयाचा निकाल दिला आणि मुख्यमंत्री अ. र. अंतुले यांना पद सोडावे लागले. त्याच लेंटिन यांनी १९८६-८७ मध्ये जे. जे. रुग्णालयातील मृत्यूंची चौकशी आयोग म्हणून केली, तेव्हा त्यांच्या हातात होत्या त्या फक्त शिफारशी.

अहवाल कोणत्या क्रमाने वाचावा

पहिल्या पानापासून वाचायला बसू नये. चारशे पानांच्या खंडात माणूस प्रतिज्ञापत्रांच्या सारांशातच दमतो. आधी निष्कर्षांचे प्रकरण काढावे, त्यातला एक निष्कर्ष निवडावा आणि तो ज्या साक्षीवर व कागदावर उभा आहे तेथपर्यंत मागे जावे. दोन-तीन निष्कर्षांचा असा उलटा प्रवास केला, की अहवाल किती भक्कम आहे ते समजते. ‘असे दिसून येते की’ या शब्दांच्या मागे जर कोणतीच साक्ष, नोंदवही किंवा टिपणी सापडली नाही, तर तेथे खूण करावी.

लेंटिन अहवाल या कसोटीवर अजूनही वाचण्याजोगा आहे. जानेवारी-फेब्रुवारी १९८६ मध्ये जे. जे. रुग्णालयात मेंदू आणि डोळ्यांतील दाब कमी करण्यासाठी दिलेल्या ग्लिसरीनमुळे १४ रुग्ण दगावले. ग्लिसरीन औद्योगिक प्रतीचे होते आणि त्यात डायएथिलीन ग्लायकॉल हे विष होते. आयोगाने बाटलीचा माग वॉर्डातून भांडारात, भांडारातून खरेदीच्या निविदेत, निविदेतून अन्न व औषध प्रशासनाच्या परवान्यांत आणि तेथून मंत्र्यांच्या हस्तक्षेपापर्यंत काढला. प्रत्येक टप्प्यावर कोणी काय पाहायला हवे होते आणि का पाहिले नाही, हे त्यात आहे. आरोग्यमंत्री भाई सावंत यांना पद सोडावे लागले. त्याच विषाने २०२५ मध्ये खोकल्याच्या औषधातून मध्य प्रदेशातील छिंदवाडा जिल्ह्यातली मुले दगावली, आणि त्यांपैकी काहींना उपचारासाठी नागपुरात आणले होते. ते औषध तामिळनाडूत बनलेले होते, त्यामुळे लेंटिन अहवालाशी त्याचा सरळ धागा जोडता येत नाही. पण औषधाची प्रत्येक खेप बाजारात येण्याआधी तपासली जाते का, हा प्रश्न तोच आहे. अहवालातील राजकीय पाने वर्तमानपत्रांनी वाचली, खरेदी आणि तपासणीची पाने फारशी कोणी वाचली नाहीत. आपण दुसरी आधी वाचावीत.

खरा कागद कृती अहवाल

वेळ थोडा असेल, तर अहवाल बाजूला ठेवून सरकारचा कृती अहवाल वाचावा. कलम ३(४) नुसार आयोगाने अहवाल सादर केल्यापासून सहा महिन्यांच्या आत तो कृती अहवालासह विधिमंडळासमोर, किंवा केंद्राचा आयोग असेल तर संसदेसमोर, मांडणे सरकारवर बंधनकारक आहे. हे बंधन १९७१ च्या दुरुस्तीने आले. १९८६ मध्ये, इंदिरा गांधी यांच्या हत्येविषयीच्या ठक्कर आयोगाचा अहवाल मांडायचा नव्हता तेव्हा, सुरक्षेच्या वगैरे कारणास्तव अहवाल रोखून धरण्याची तरतूद कायद्यात घातली गेली, आणि १९९० मध्ये ती काढून टाकली गेली. तेव्हा ‘अहवाल संवेदनशील आहे’ हे उत्तर आज कोणी दिले, तर त्याला या कायद्यात आधार नाही, हे ठामपणे सांगता येते.

कृती अहवाल बहुधा तक्त्यासारखा असतो : एका बाजूला आयोगाची शिफारस, दुसऱ्या बाजूला शासनाचा निर्णय. उजवा रकाना वाचायला थोडा सराव लागतो. ‘मान्य’ याच्यापुढे विभाग, अधिकारी आणि मुदत असेल तर ते मान्य. ‘तत्त्वतः मान्य’ असेल तर पैशाचा किंवा पदांचा निर्णय झालेला नाही असे समजावे. ‘संबंधित विभागास कळविण्यात आले आहे’ याचा अर्थ पत्र गेले, काम नाही. ‘सदर बाब तपासण्यात येत आहे’ हे उत्तर पहिल्या वर्षी ठीक. तेच वाक्य तीन वर्षांनी दिसले, तर नस्ती (फाईल) हललेली नाही. ‘अमान्य’ हा शब्द मला सर्वांत प्रामाणिक वाटतो, कारण त्याच्यापुढे कारण लिहावे लागते आणि त्या कारणावर भांडता येते.

‘आदर्श’चा अंतिम अहवाल २० डिसेंबर २०१३ रोजी मांडताना पृथ्वीराज चव्हाण यांच्या मंत्रिमंडळाने तो फेटाळला होता. आठवड्याभरात, २७ डिसेंबरला, काँग्रेसचे उपाध्यक्ष राहुल गांधी यांनी त्यावर जाहीर नापसंती व्यक्त केली आणि २ जानेवारी २०१४ रोजी त्याच मंत्रिमंडळाने अहवाल अंशतः स्वीकारला. या तेरा दिवसांत अहवालातले एक अक्षरही बदलले नव्हते. १०२ पैकी २५ सदस्य अपात्र असल्याचा आणि २२ सदनिका बेनामी असल्याचा निष्कर्ष दोन्ही तारखांना तोच होता. बदलले ते पक्षश्रेष्ठींचे मत. लोकांचा विश्वास ढासळतो तो अशा ठिकाणी, आणि तेथे बोट ठेवायचे असेल तर दोन्ही तारखांचे निर्णय शेजारी शेजारी ठेवून कोणती शिफारस ‘अमान्य’वरून ‘मान्य’ झाली आणि कोणती, विशेषतः राजकीय व्यक्तींविषयीची, ‘अमान्य’च राहिली, ते पाहावे. भाषणापेक्षा तो तक्ता जास्त बोलतो.

राजीनामा वेगळ्या पानावर लिहावा

राजीनामा हा चौकशीचा निष्कर्ष नव्हे, तो राजकीय किंमत चुकवण्याचा प्रकार आहे, आणि पुष्कळदा चौकशीच्या आधीच येतो. २००८ च्या हल्ल्यानंतर केंद्रीय गृहमंत्री शिवराज पाटील, राज्याचे गृहमंत्री आर. आर. पाटील आणि मुख्यमंत्री विलासराव देशमुख हे तिघेही प्रधान समिती नेमली जाण्यापूर्वीच पायउतार झाले होते. निवडणुकीनंतर नोव्हेंबर २००९ मध्ये आर. आर. पाटील पुन्हा गृहमंत्री झाले. कृष्णम्माचारीही पुढे केंद्रीय मंत्रिमंडळात परतले आणि पुन्हा अर्थमंत्री झाले. नागपुरात २३ नोव्हेंबर १९९४ रोजी गोवारींच्या मोर्चात चेंगराचेंगरी होऊन ११४ जण मेले, आदिवासी विकास मंत्री मधुकर पिचड यांनी राजीनामा दिला, आणि नंतर दाणी आयोगाने मात्र कोणालाही जबाबदार धरले नाही. परत येणे गैर आहे असे मी म्हणत नाही. मतदारांनी निवडून दिले तर तो त्यांचा अधिकार आहे. पण राजीनाम्याच्या दिवशी लोकांचा राग निम्म्याने उतरतो आणि नेमके त्यानंतरच कागदांचे काम सुरू व्हायचे असते, म्हणून वहीत राजीनाम्यांना निराळे पान द्यावे आणि ते शिफारशींच्या पानात मिसळू नये.

लोकांचा विश्वास मोजायलाही वाहिन्यांवरील चर्चा उपयोगाच्या नाहीत. पुढच्या घटनेनंतर पुढचा आयोग बसतो तेव्हा प्रतिज्ञापत्रे द्यायला किती सामान्य माणसे पुढे येतात, कोणते समाजगट बहिष्कार घालतात, किती साक्षीदार नोटीस मिळूनही येत नाहीत, हे पाहावे. मागच्या अहवालाचे काय झाले याचे उत्तर लोक अशा रीतीने देत असतात.

अर्ज असा लिहावा

अहवाल मांडला गेला नसेल, तर माहिती अधिकारात तो मागितल्यावर कलम ८(१)(ग), म्हणजे विधिमंडळाच्या विशेषाधिकाराचा भंग, हे कारण दाखवून नकार येण्याची शक्यता मोठी असते. त्यामुळे अहवाल मागू नये, तारखा मागाव्यात : आयोगाने अहवाल कोणत्या दिनांकास सादर केला, सहा महिन्यांची मुदत कधी संपली, मुदतीत न मांडण्याबाबत नस्तीवर काय टिपणी आहे. मांडलेल्या अहवालाला हे कारण लागू पडत नाही.

महाराष्ट्रात एका अर्जात एकच विषय आणि साधारण दीडशे शब्दांची मर्यादा आहे, शुल्क १० रुपये. म्हणून ‘अहवालावर काय कार्यवाही झाली’ असा मोघम अर्ज वाया जातो. त्याला कृती अहवालाची झेरॉक्स हे उत्तर ठरलेले असते. त्याऐवजी एक शिफारस धरून असे लिहावे : ‘अमुक आयोगाच्या अहवालातील शिफारस क्रमांक अमुक ही शासनाने अमुक दिनांकाच्या कृती अहवालात मान्य केली आहे. सदर शिफारशीच्या अंमलबजावणीसाठी निर्गमित झालेले शासन निर्णय, परिपत्रके व आदेश, तसेच संबंधित नस्तीच्या टिपणी भागाच्या प्रमाणित प्रती मिळाव्यात.’ काहीच निघालेले नसेल, तर ‘माहिती निरंक’ असे उत्तर येते आणि तो कागद आपल्या उपयोगाचाच असतो. तीस दिवसांत उत्तर आले नाही तर पुढच्या तीस दिवसांत प्रथम अपील, आणि त्यानंतर नव्वद दिवसांत राज्य माहिती आयोगाकडे द्वितीय अपील करावे. द्वितीय अपिलाला वेळ लागतो, म्हणून तोवर आपल्या आमदाराकडून तारांकित प्रश्न घालून घ्यावा. सभागृहात मंत्र्याने ‘तीन महिन्यांत पूर्ण करू’ असे म्हटले, की ते वचन विधिमंडळाच्या आश्वासन समितीच्या, म्हणजे मंत्र्यांची आश्वासने पाळली गेली का हे पाहणाऱ्या समितीच्या, कक्षेत येते.

सरकार बदलल्यावर हेच अर्ज नव्याने करावेत. श्रीकृष्ण अहवाल फेब्रुवारी १९९८ मध्ये सादर झाला आणि ६ ऑगस्ट १९९८ रोजी मांडला गेला, तेव्हा शिवसेना-भाजप युती सरकारने तो एकतर्फी ठरवून त्याचा गाभा नाकारला. १९९९ मध्ये अंमलबजावणीचे आश्वासन देणारे पक्ष सत्तेवर आले, त्यांनी पंधरा वर्षे राज्य केले, आणि अहवालात नावे आलेल्या ३१ पोलिसांपैकी बहुतेकांच्या बाबतीत फारसे काही निष्पन्न झाले नाही. विरोधात असताना अहवाल हातात घेऊन फिरणारा पक्ष सत्तेत आल्यावर तो कोणत्या कपाटात ठेवतो, हे विचारण्याची जबाबदारी त्याच्याच समर्थकांवर अधिक येते.

त्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ४ नोव्हेंबर २०२२ रोजी निकाल दिला. दंगलीत बेपत्ता झालेल्या १६८ जणांपैकी १०८ जणांच्या कुटुंबांना भरपाई मिळालेली नव्हती. त्यांचा शोध घेऊन व्याजासह रक्कम द्यावी, त्यावर राज्य विधी सेवा प्राधिकरणाच्या सदस्य सचिवांच्या समितीने देखरेख ठेवावी, निद्रिस्त यादीत, म्हणजे आरोपी सापडत नसल्याने बाजूला, पडलेल्या ९७ खटल्यांतील आरोपींचा माग काढावा आणि पोलीस दलाच्या सुधारणेविषयीच्या आयोगाच्या शिफारशी अमलात आणाव्यात, असे त्यात आदेश आहेत. कोणाला ही रीत आजच वापरून पाहायची असेल, तर सुरुवात येथून करता येईल. पहिला अर्ज महसूल व वन विभागाच्या मदत व पुनर्वसन शाखेऐवजी मुंबई शहर आणि मुंबई उपनगर या दोन्ही जिल्हाधिकारी कार्यालयांकडे स्वतंत्रपणे करावा, कारण भरपाईचे प्रत्यक्ष वाटप तेथून होते. दुसरा गृह विभागाकडे, पोलीसविषयक शिफारशींच्या नस्तीसाठी. आणि दोन्ही अर्जांत १९९८ च्या कृती अहवालाऐवजी या निकालाच्या तारखेचा संदर्भ द्यावा, म्हणजे ‘शासनाने अहवाल अमान्य केला आहे’ हे जुने उत्तर पुन्हा देता येणार नाही.